वाफेच्या जहाजाला शिडं कशाला?

२०२३ च्या ऑगस्टमध्ये ‘पिक्सिस ओशन’ नावाचं मालवाहू जहाज चीनहून ब्राझीलकडे निघालं, तेव्हा त्याच्या डेकवर साडेसदतीस मीटर उंचीची दोन शिडं उभी होती, विमानाच्या पंखासारखी कडक. इंजिन ठणठणीत असताना शिडं कशाला, असं कोणालाही वाटेल. इंधन वाचवायला, हे उत्तर बरोबरच आहे. पण इंधन जहाजाला किती छळतं, हे कळायला दीडशे वर्षं मागे जायला हवं. राणी व्हिक्टोरियाच्या काळातल्या बहुतेक आगबोटींना शिडं होती. त्यातल्या एका जगप्रसिद्ध आगबोटीचं तर १८८२ मध्ये इंजिनच उपसून काढलं आणि तिला निव्वळ शिडाचं जहाज करून टाकलं. तिचं नाव ‘ग्रेट ब्रिटन’. ब्रिस्टलमध्ये बांधलेली, १८४३ मध्ये पाण्यात उतरवलेली, त्या वेळची जगातली सगळ्यात मोठी बोट.

तंत्रज्ञान पुढे जातं, मागे येत नाही, अशी आपली समजूत असते. या बोटीचा जन्मभराचा हिशेब मांडला तर ती जरा सैल होते.

आधी कोळसा, मग उतारू

‘ग्रेट ब्रिटन’ची लांबी ९८ मीटर, रुंदी साडेपंधरा. पहिल्या रचनेप्रमाणे तिच्यात ३६० उतारू, १,२०० टन माल आणि १,२०० टन कोळसा मावत असे. हे शेवटचे दोन आकडे पुन्हा वाचा. जितका माल, तितकाच कोळसा. पुण्याहून नागपूरला निघालेल्या ट्रकचा अर्धा हौदा डिझेलच्या पिंपांनी भरलेला असेल तर भाड्याचं काय होईल, तेच इथे होत होतं. कोळशाला भाडं मिळत नाही, उलट तो विकत घ्यावा लागतो आणि त्याने अडवलेल्या जागेत माल भरता येत नाही. मार तिहेरी. रेल्वेला वाटेत स्टेशनं असतात. अटलांटिकच्या मधोमध कोळसा कोण देणार?

१८३० च्या दशकात तर अटलांटिक ओलांडण्याइतका कोळसा बोटीत मावणारच नाही, असं म्हणणारे जाणते लोक होते. इसंबार्ड किंग्डम ब्रुनेल या इंजिनिअरने त्याला दिलेलं उत्तर पाण्याच्या टाकीवरून समजतं. टाकीची प्रत्येक बाजू दुप्पट केली तर पत्रा चौपट लागतो, पण पाणी आठपट मावतं. बोटीचंही तसंच. पाणी बोटीला अडवतं ते मुख्यतः तिच्या बाहेरच्या अंगाला, आणि ते चौपट वाढतं. पोट मात्र आठपट वाढतं. म्हणजे बोट जितकी मोठी, तितका तिचा कोळसा दूर पुरतो. त्याची आधीची बोट ‘ग्रेट वेस्टर्न’ १८३८ मध्ये पंधरा दिवसांत न्यूयॉर्कला पोचली, तेव्हा तिच्या कोठीत सुमारे २०० टन कोळसा शिल्लक होता. ‘ग्रेट ब्रिटन’ याच गणिताचं पुढचं पाऊल. फक्त एवढ्या मोठ्या बोटीचा कणा लाकडाने पेलला नसता, म्हणून ती लोखंडाची केली.

घरच्या कुकरपेक्षाही कमी दाब

आता इंजिन. चार सिलिंडर, प्रत्येकाचा व्यास ८८ इंच, म्हणजे सव्वादोन मीटर. दट्ट्या, म्हणजे पिस्टन, एवढा की त्यावर चार माणसं मांडी घालून जेवायला बसतील. तो सहा फूट वरखाली होई. एवढा अजस्र कारभार कशासाठी? कारण वाफ अगदीच लेचीपेची होती. बॉयलरमधला दाब बाहेरच्या हवेपेक्षा चौरस इंचाला जेमतेम ५ पौंड जास्त. तुमच्या स्वयंपाकघरातला कुकर शिट्टी देतो तो साधारण १५ पौंडांना. अटलांटिक ओलांडणारी बोट कुकरच्या एक तृतीयांश दाबावर चालत होती.

मग दट्ट्या ढकलत कोण होतं? बऱ्याच अंशी ओढ होती, ढकल नव्हे. दट्ट्याच्या एका बाजूची वापरलेली वाफ कंडेन्सरमध्ये नेऊन थंड करतात. कंडेन्सर म्हणजे वाफेचं पुन्हा पाणी करणारी टाकी. वाफेचं पाणी झालं की तिची जागा जवळजवळ रिकामी होते, पोकळी तयार होते. शहाळ्याला नळी लावून ओढतो तेव्हा पाणी वर चढतं ते बाहेरच्या हवेच्या दाबाने. तसंच इथे एका बाजूला पोकळी आणि दुसऱ्या बाजूला वाफ, की दट्ट्या सरकला.

दाब वाढवला असता तर तेवढ्याच कोळशात जास्त काम निघालं असतं. हे त्या काळच्या इंजिनिअरांना ठाऊक नव्हतं असं मुळीच नाही. आड येत होतं मीठ. वाफ थंड करायला कंडेन्सरमध्ये समुद्राच्या पाण्याचा फवारा सोडत. तेच मिसळलेलं पाणी बॉयलरला परत जाई. समुद्राच्या पाण्यात वजनाने साधारण बत्तिसावा हिस्सा मीठ असतं. पाणी उकळून वाफ निघून जाते, मीठ आत साठत राहतं. प्रमाण दुप्पट-तिप्पट झालं की बॉयलरच्या तळातलं खारट पाणी समुद्रात सोडून द्यायचं आणि नवं घ्यायचं. म्हणजे कोळसा जाळून तापवलेलं पाणी सरळ फेकायचं. तेही दिवसातून अनेकदा.

फेकलं नाही तर? बोअरच्या पाण्यावरचा गिझर उघडून पाहिलेल्यांना सांगायला नको. आतून पांढरी खपली धरते. खपली उष्णता अडवते, तिच्यामागचा लोखंडी पत्रा तापून लाल होतो, मऊ पडतो आणि फुगतो. त्यात आणखी एक खोच अशी की पाणी जितकं जास्त तापेल तितकी ही कठीण खपली भराभर बसते, आणि दाब वाढवायचा म्हणजे पाणी जास्त तापवायचं. खाऱ्या पाण्याच्या बॉयलरला दाबाची मर्यादा पडली ती इथे.

भट्टीसमोरचा माणूस

‘ग्रेट ब्रिटन’च्या पहिल्या बॉयलरला २४ भट्ट्या होत्या. भट्टी पेटवणं म्हणजे दार उघडून फावड्याने कोळसा भिरकावणं, असं वाटत असेल तर ते काम दहा मिनिटांत फसेल. कोळशाचा थर सगळीकडे सारखा हवा. पातळ पडला त्या जागी थंड हवा घुसून बॉयलर गार करते. जाड पडला की खालून हवा जात नाही आणि धुराड्यातून काळा धूर सुटतो, म्हणजे न जळलेला कोळसा आकाशात जातो. दार उघडं राहील तितका वेळ गार वारा आत शिरतो, म्हणून चार फावडी झटपट आणि दार बंद. पुढची भट्टी. एकाच वेळी सगळ्यांची दारं उघडायची नाहीत, नाहीतर दाब पडतो. मधूनमधून लांब सळई जाळीवर घालून थर मोकळा करायचा. राख वितळून तिचे खंगर होतात, ते जाळीला चिकटतात आणि हवा कोंडतात. दर पाळीला एखाददुसरी भट्टी विझत आणून ते फोडून बाहेर ओढायचे, लालभडक असतानाच पाणी मारायचं आणि राखेच्या बादल्या वर नेऊन समुद्रात ओतायच्या. वेल्सच्या कोळशाला भाव होता तो यासाठी. धूर कमी, खंगर कमी.

चार तासांची पाळी, आठ तास सुट्टी, पुन्हा पाळी. शतकाच्या अखेरच्या मोठ्या बोटींवर माणशी पाळीला दोन टनांच्या आसपास कोळसा हातावरून जात असे. मुंबईहून सुटणाऱ्या बोटींवर भट्टीवाल्याला आगवाला म्हणत आणि त्याला कोळसा पुरवणाऱ्याला कोयलावाला. हिंदुस्थानी खलाशांची ही वेगळीच उतरंड, वर सारंग, मग टंडेल. डेकवर रत्नागिरीकडचे कोकणी मुसलमान, उतारूंच्या जेवणाखाण्याला गोव्याचे, असं गावागावाचं वाटप पी. अँड ओ. या ब्रिटिश आगबोट कंपनीच्या बोटींवर पक्कं झालं होतं.

यात कोयलावाल्याचं काम मला सगळ्यात बिकट वाटतं. आगवाल्याच्या अंगावर निदान दिव्याइतका उजेड असतो. कोयलावाला कोठीच्या अंधारात, धुळीत, हलत्या ढिगावर उभा. प्रवासाच्या सुरुवातीला कोळसा भट्टीच्या दाराशी असतो, शेवटी शेवटी तो बोटीच्या दूरच्या कोपऱ्यातून ढकलगाडीने आणावा लागतो. शिवाय तो दोन्ही बाजूंनी सारखाच उपसायचा. डावीकडचा आधी संपवला की बोट उजवीकडे कलते. कोठीत ओला आणि चुऱ्याचा कोळसा दाबून भरला असेल तर तो आपोआप तापून धुमसू लागतो. त्यावर खात्रीचा उपाय एकच होता, धुमसता ढीग आधी उपसून भट्टीत घालायचा.

चाकं जाऊन पंखा आला, तोही कोळशामुळे

आधीच्या आगबोटींना दोन्ही कुशींना मोठी चाकं असत. चाकाच्या फळ्या ठरावीक खोलीपर्यंतच बुडायला हव्यात. पण निघताना पोटात हजार टन कोळसा, पोचताना कोठी रिकामी. बोट पाण्यातून वर उचलली जाते. सुरुवातीला चाक गरजेपेक्षा खोल, शेवटी नुसतं वरवर फटके मारतंय. मागे पाण्याखाली फिरणाऱ्या पंख्याला याचा त्रास बराच कमी. ‘आर्किमिडीज’ नावाची पंख्याची बोट १८४० मध्ये ब्रिस्टलला आली, ब्रुनेलने तिच्यावर चाचण्या घेतल्या आणि अर्धवट बांधून झालेल्या ‘ग्रेट ब्रिटन’चा आराखडा बदलला.

इंजिन मिनिटाला १८ फेरे घेई आणि पंख्याला हवे होते ५३. म्हणून सायकलसारखी योजना, मोठं चाक, छोटं चाक, मधे जाडजूड साखळी. पुढे साखळी गेली, दातेरी चाकं आली. पंख्याच्या दांड्याला वेगळंच दुखणं होतं. दांडा बोटीच्या बाहेर जातो तिथली धातूची बैठक झिजून भोक मोठं होई आणि पाणी आत येई. इंजिनिअर जॉन पेन यांनी १८५४ मध्ये तिथे लिग्नम व्हिटी या अतिशय कठीण लाकडाच्या पट्ट्या बसवल्या. वंगण कसलं, तर समुद्राचं पाणीच. दांडा लोखंडाचा आणि बैठक लाकडाची, हा उलटा वाटणारा उपाय पुढे शंभरावर वर्षं टिकला.

मग शिडं नेमकं काय करत?

१८४६ च्या सप्टेंबरात बोट आयर्लंडच्या डन्ड्रम उपसागरात वाळूवर चढली आणि जवळजवळ वर्षभर तिथेच अडकली. लोखंडी अंग टिकलं, मालक कंपनी बुडाली. नव्या मालकांनी १८५२ मध्ये तिला ऑस्ट्रेलियाच्या मार्गावर लावलं, कारण तिथे सोनं सापडलं होतं आणि जाणाऱ्यांची रीघ लागली होती. सुटसुटीत नवं इंजिन बसवून मालाची जागा १,२०० वरून २,२०० टनांवर नेली. पण लिव्हरपूल ते मेलबर्न हे अंतर बारा हजार सागरी मैलांच्या वर. एवढा कोळसा ब्रुनेलच्या गणितालाही झेपणारा नव्हता. पहिल्याच खेपेत समोरून वारा लागला, कोळसा संपत आला आणि बोटीला सेंट हेलेना बेटावर मागे फिरावं लागलं.

त्यानंतर हिशेब उलटा झाला. शिडं मुख्य, इंजिन मदतीला. दक्षिण गोलार्धात चाळीस अंशांच्या खाली पश्चिमेचा वारा जवळपास अखंड वाहतो. तो फुकट मिळत असताना कोळसा जाळायचा कशाला? अडचण पंख्याची होती. बंद पडलेला पंखा पाण्यात नांगरासारखा ओढ देतो. म्हणून १८५७ मध्ये उचलता येणारा पंखा बसवला. वारा चांगला लागला की दांड्यापासून सोडवून तो वर घ्यायचा.

१८६१ ची खेप पाहा, पहिला इंग्लिश क्रिकेट संघ ऑस्ट्रेलियाला गेला ती. १४३ खलाशी आणि नोकर, ५४४ उतारू. शिवाय एक गाय, ३६ मेंढ्या, १४० डुकरं, ९६ बकऱ्या आणि कोंबड्या-बदकं-हंस-टर्की मिळून १,११४ पक्षी, कारण ताजं मटण पायांवर उभंच न्यावं लागे. (डेकची सकाळ कशी असेल, याची कल्पना करून पाहा.) ६४ दिवस लागले. सगळ्यात चांगल्या दिवशी ३५४ मैल कापले, सगळ्यात वाईट दिवशी १०८. या दोन आकड्यांमधला फरक म्हणजेच वारा.

मुंबईनेही ही बोट पाहिली आहे. १८५७ च्या उठावानंतर इंग्लंडने घाईघाईने फौज पाठवली, त्यात ‘ग्रेट ब्रिटन’ने १७ व्या लान्सर्स रेजिमेंटचे घोडेस्वार वर्षअखेरीस मुंबईत आणून उतरवले. पुढच्या वर्षी तात्या टोपेंच्या पाठलागावर असलेल्या फौजांत हीच रेजिमेंट होती.

वारा फुकट, तर इंजिन ठेवलंच कशाला?

कारण वाऱ्याला वेळापत्रक नसतं. विषुववृत्ताजवळच्या निर्वात पट्ट्यात शिडाचं जहाज दिवसचे दिवस जागच्या जागी डुलत राही. जवळजवळ सातशे माणसं आणि गोठाभर जनावरं बसून खातात, पाणी पितात. बंदरात शिरताना, खडकाळ किनाऱ्यापासून सुटताना, समोरचा वारा कापताना इंजिनच कामाचं. उतारू आणि टपाल तारखेचे पैसे देतात. या तारखेसाठी कोळसा परवडतो. गहू, लोकर, कोळसा यांना मात्र आठवडाभर उशिराने फरक पडत नाही. म्हणजे प्रश्न वाफ चांगली की वारा, असा नव्हताच. काय वाहायचंय आणि किती लांब, असा होता.

सुएझ कालव्याने शिडं संपवली ना?

पुरती नाही. १८६९ मध्ये कालवा उघडला आणि हिंदुस्थान-चीनच्या मार्गावर शिडाची जहाजं मागे पडली, हे खरं. तांबड्या समुद्रातले वारे त्यांना प्रतिकूल आणि कालव्यातून ओढून न्यायचा खर्च वेगळा. पण आगबोट खरी बळकट झाली ती कालव्याच्या थोडी आधी, इंजिनाच्या पोटात. वाफ समुद्राच्या पाण्यात न मिसळता नळ्यांच्या बाहेरून गार करायची नवी पद्धत रूढ झाली. आता गोडं पाणीच फिरून फिरून वापरता येऊ लागलं. खपली कमी, म्हणून दाब वाढवता आला.

दाब वाढला तेव्हा वाफ एकदाच वापरून सोडणं उधळपट्टी वाटू लागलं. रसवंतीवाला ऊस एकदा चरकातून काढतो, दुमडतो आणि परत घालतो. दुसऱ्यांदाही रस निघतोच. तसं आधी छोट्या सिलिंडरमध्ये ताजी वाफ, मग तीच निम्मी दमलेली वाफ मोठ्या सिलिंडरमध्ये. याला संयुक्त इंजिन म्हणतात. जहाजमालक आल्फ्रेड होल्ट यांची आगबोट ‘आगामेम्नॉन’ १८६६ मध्ये ६० पौंड दाबावर लिव्हरपूलहून मॉरिशसपर्यंतचे ८,५०० मैल न थांबता गेली, दिवसाला वीस-एक टन कोळशावर. ताशी दहा मैलांच्या वेगाने धरलं तर पस्तीस दिवस, सातशे टन. ‘ग्रेट ब्रिटन’ची जुनी कोठी भरली तरी पाचशे टन उरले असते. १८८१ मध्ये ‘अॅबर्डीन’ने ऊस तिसऱ्यांदा चरकात घातला, १२५ पौंड दाब आणि तीन टप्पे. मेलबर्न ४२ दिवसांत.

तरी १८८२ मध्ये इंजिन काढलं, ही उलटी गंगा नव्हे?

नव्या इंजिनांसमोर जुन्या इंजिनाची बोट उतारू नेण्यात मार खाणारच होती. तिची शेवटची ऑस्ट्रेलियाची खेप १८७६ ची, मग ती काही वर्षं पडून होती. पण लोखंडी अंग अजून दणकट. नवं इंजिन घालायचं तर खर्च मोठा, तोही चाळिशीच्या बोटीवर. इंजिन, बॉयलर, कोठ्या सगळंच काढलं तर? ती सगळी जागा मालाची. आगवाले नकोत, कोयलावाले नकोत, इंधनाचं बिल शून्य. घाई नसलेला माल मिळाला की झालं. तो माल होता वेल्सचा कोळसा, दक्षिण अमेरिकेच्या टोकाच्या हॉर्न भूशिराला वळसा घालून सॅन फ्रान्सिस्कोला.

इथे या काळाची सगळ्यात मजेदार गोष्ट आहे. एडनला, मुंबईला, दूरदूरच्या बेटांवर आगबोटी कोळसा भरून घेत, तो तिथे पोचवत कोण होतं? मोठ्या प्रमाणात शिडाची जहाजं. आगबोटीने न्यायचा म्हटलं तर बराचसा कोळसा वाटेतच जळायचा. शिडाचं जहाज त्यातला खडाही खात नाही. वाफेचं राज्य बराच काळ वाऱ्याच्या खांद्यावर उभं होतं.

कोळशाचा माल सुखाचा नसतो. १८८६ मध्ये पनामाकडे निघालेल्या ‘ग्रेट ब्रिटन’वर वाटेत आग लागली, हॉर्नपाशी वादळांनी झोडपलं आणि ती फॉकलंड बेटांच्या स्टॅन्ली बंदरात कशीबशी पोचली. दुरुस्ती परवडेना. तिथल्या कंपनीने ती गोदाम म्हणून घेतली, आणि लोकर व कोळसा साठवत ती पन्नासेक वर्षं तिथेच उभी राहिली. १९३७ मध्ये तिला जवळच्या खाडीत नेऊन भोकं पाडून उथळ पाण्यात बसवलं. १९७० मध्ये तरत्या तराफ्यावर चढवून तिला ब्रिस्टलला आणलं, ती बांधली होती त्याच गोदीत. आता गोदीच्या पाण्याच्या पातळीला काचेचं छत आहे आणि त्याखाली यंत्रं रात्रंदिवस हवा कोरडी करत असतात. आर्द्रता २० टक्क्यांच्या आसपास धरून ठेवावी लागते. लोखंडात मुरलेलं समुद्राचं मीठ अजून निघालेलं नाही.